इसोबेंचा मुलगा बुडाल्याची गोष्ट

इसोबे तोकुजी यांच्या दुकानासमोर माझं सुक्या मासळीचं दुकान आहे. मधे चार पावलांची गल्ली, तीही बारा महिने ओली. बत्तीस वर्षं आम्ही एकमेकांची तोंडं बघत धंदा केला. त्यांच्या घरात काय चाललंय हे त्यांच्या नातेवाइकांआधी मला कळायचं. मुलाच्या वेळी तसंच झालं.

तात्सुरो एकुलता एक. आई वारल्यावर बापाच्या हाताखाली उभा राहिला. जिवंत माकूळ, म्हणजे स्क्विड, टाकीतून काढून गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत सोलायचा, आणि ते काम बापापेक्षा झपाट्यानं करायचा. पण त्याच्या डोक्यात दुसरंच होतं. समुद्रात माकूळ दरवर्षी कमी मिळत होतं, बंदरात मात्र प्रवाशांची मोठमोठी जहाजं लागायला लागली होती. तो म्हणायचा, आपण माकूळ काडीला लावून भाजू, लोक उभ्या उभ्या खातील, टाकीच्या भानगडीतून सुटू. इसोबेसानना हे ऐकवत नसे. हा बाजार आहे, जत्रा नाही, असं त्यांचं म्हणणं. एका सकाळी भर गिऱ्हाइकीत हा वाद पेटला आणि इसोबेसाननी बर्फाची बादली उचलून मुलाच्या अंगावर फेकली. बादलीची कड त्याच्या भुवईला लागली. "आजपासून माझा मुलगा मेला," असं इसोबेसान म्हणाले, आणि इतक्या मोठ्यानं म्हणाले की माझ्या दुकानातल्या दोन बायका हातातली पाकिटं ठेवून निघून गेल्या.

तात्सुरोनं रबरी एप्रन काढला, कोपऱ्यातल्या खुंटीला टांगला, बूट काढून त्याखाली ठेवले आणि मोज्यांवर ओल्या गल्लीतून चालत गेला. पुढे कळलं की तो साकाईला आहे, मालाची गाडी चालवतो. लग्न केल्याचंही कानावर आलं. बापाला पत्र नाही, बापाचं त्याला नाही. एप्रन मात्र इसोबेसाननी खुंटीवरून काढला नाही. महिन्यातून एकदा पुसायचे आणि परत तिथेच टांगायचे.

त्यानंतर पाचेक वर्षांनी सावाको मुरोई परत आली. ही आमच्याच मागच्या गल्लीतली. तिचा बाप समुद्री शेवाळ विकायचा. योकोहामाच्या हॉटेलात वीस वर्षं काढून, नवऱ्याशी फारकत घेऊन ती आईच्या रिकाम्या घरात राहायला आली. इंग्रजी चांगलं होतं. एका सहलीच्या कंपनीनं तिला धरलं आणि तिनं आमच्या बाजारात पाहुणे फिरवायला सुरुवात केली. हातात पिवळं निशाण, मागे दहा-बारा माणसं, प्रत्येकाच्या कानात छोटं यंत्र, म्हणजे तिला ओरडावं लागत नसे. माझ्याकडे येऊन ती बोनिटो नावाच्या सुक्या माशाच्या ढलप्या चाखवायची, त्याच ढलप्यांचा गरम काढा एकेक घोट द्यायची, मग समोर इसोबेंकडे, मग सॅमन मासा विकणाऱ्यांकडे, आणि शेवटी कोपऱ्यावरच्या खाणावळीत भात.

इसोबेसाननी पहिलं वर्ष तिला उभं केलं नाही. पाहुणे आले की पाठ करायचे आणि फरशी धुवायला घ्यायचे. पाण्याची नळी बरोबर पाहुण्यांच्या बुटांकडेच वळायची. सावाको हसून म्हणायची, "काका, आज मासे धुताय की माणसं?" तेही हसायचे नाहीत असं नाही, पण नळी बंद करायचे नाहीत.

मग ते वर्ष आलं ज्यात माकूळ मिळेचना. टाकी रिकामी राहायला लागली. एके दिवशी मी बघते तर इसोबेसान शेगडी मांडून बसलेले, समोर काड्यांना लावलेले माकळाचे तुकडे. माझ्याकडे बघून म्हणाले, "मालकीणबाई, काही बोलायचं नाही."

गोष्ट कशी सुरू झाली ते मला सावाकोनंच नंतर सांगितलं. एका पाहुणीनं खुंटीवरच्या एप्रनकडे बोट दाखवून विचारलं होतं की हा कुणाचा. सावाकोनं सांगितलं, मुलाचा. मग ती म्हणाली, मुलगा कुठे आहे? भांडण, बादली, साकाई हे सगळं परक्या बाईला कशाला सांगायचं, म्हणून सावाको एवढंच म्हणाली की तो गेला. त्या बाईनं तोंडावर हात ठेवला. डोळे भरून आले तिचे. पुढे होऊन इसोबेसानसमोर वाकली, पाच काड्या घेतल्या आणि घरी गेल्यावर कंपनीला लिहून कळवलं की इतका हेलावून टाकणारा दिवस तिनं कधी अनुभवला नव्हता. त्या महिन्यात कंपनीनं सावाकोला आठवड्याच्या दोन फेऱ्या वाढवून दिल्या.

दुसऱ्या वेळी कुणी विचारलं नाही, तिनं आपणहून सांगितलं. तिसऱ्या वेळी त्यात होडी आली. मग वादळ आलं, मग तीन दिवसांचा शोध, मग दर सकाळी एप्रन पुसणारा बाप. सावाको वाईट बाई नाही. ती सांगताना तिचाही आवाज भरून यायचा, हे मी समोरून ऐकलंय.

मला हे कळलं ते फेब्रुवारीत. बर्फामुळे बाजार थंड होता आणि ती माझ्याकडे चहा पीत बसली होती. मी म्हटलं, "अगं, जिवंत आहे तो."

"मला माहितीये, मावशी. त्यांना कुठे माहितीये?"

मी हसले. इथे मला काही लपवायचं नाही. इसोबेंच्या दुकानासमोरून हळवी झालेली माणसं माझ्याकडे वळायची आणि एकाच्या जागी दोन पाकिटं घ्यायची. त्यामुळे मी हसले आणि तिच्या कपात आणखी चहा ओतला.

इसोबेसानना इंग्रजी कळत नव्हतं. त्यांना दिसत होतं ते एवढंच, की लांबलांबची माणसं आपल्यासमोर थांबतात, ओल्या डोळ्यांनी बघतात, हात हातात घेतात, वाकतात. ज्या माणसाला गल्लीत कुणी 'काय कसं काय' विचारायला धजत नसे, त्याला हे नवं होतं. हळूहळू ते बदलले. पाहुण्यांच्या दिवशी दाढी करून यायला लागले. थँक यू शिकले. एका म्हाताऱ्या जोडप्याला त्यांनी एक काडी फुकट दिली तेव्हा मी डोळे चोळून बघितलं. एकदा मला म्हणाले, "बाहेरची माणसं आपल्यापेक्षा मनानं बरी असतात, मालकीणबाई. मला ओळखत नाहीत, तरी किती माया करतात." मी माझ्या सुक्या मासळीवरची धूळ झटकत राहिले.

ही अशी चार वर्षं गेली.

गेल्याच्या गेल्या वर्षी ऑक्टोबरात तैवानहून एक घोळका आला. त्यात चाकाच्या खुर्चीत बसलेल्या, नव्वदीच्या घरातल्या एक आजी होत्या आणि खुर्ची ढकलणारी नात. नातीच्या हातात मोबाइल होता, ती सगळ्याचंच चित्रण करत होती. सावाकोनं गोष्ट सांगितली. नातीनं ती आजींना त्यांच्या भाषेत सांगितली. मग आजींनी खुर्ची पुढे घ्यायला लावली आणि इसोबेसानशी जपानीत बोलल्या. जुनं, शाळेत शिकलेलं, स्वच्छ जपानी. त्यांच्या लहानपणी तिकडे जपानचं राज्य होतं, शाळेत तेच शिकवायचे, हे सावाकोच्या ध्यानातच आलं नव्हतं.

"माझाही मुलगा समुद्रातच गेला," आजी म्हणाल्या. "तुमच्याला किती वर्षं झाली?"

इसोबेसान हातात चिमटा घेऊन उभे राहिले. आधी त्यांना वाटलं असावं की बाईंचा माणूस ओळखण्यात घोटाळा झालाय. मग त्यांनी आजींच्या डोक्यावरून सावाकोकडे बघितलं. सावाकोनं मान खाली घातली. मी समोरून बघत होते. मला वाटलं, आता चिमटा भिरकावतील. पण आजींनी त्यांचा हात धरून ठेवला होता.

"अकरा वर्षं," इसोबेसान म्हणाले.

"माझ्याला त्रेचाळीस. सवय होत नाही. लोक म्हणतात होईल, पण होत नाही. तुम्हाला तो मिळाला का? माझा नाही मिळाला."

"नाही," ते म्हणाले. "नाही मिळाला."

आजी त्यांच्या हातावर थोपटत राहिल्या. नातीचा मोबाइल चालूच होता. घोळका पुढे गेल्यावर इसोबेसाननी शेगडी विझवली आणि गल्ली ओलांडून माझ्याकडे आले. विचारलं, "तुम्हाला माहीत होतं?"

मी हो म्हटलं. त्यांनी मान हलवली आणि परत गेले. त्या दिवशी दुपारपर्यंत त्यांनी काही विकलं नाही.

मला वाटलं होतं सावाकोची खरडपट्टी निघेल. तसं काही झालं नाही. ती आठवडाभर दुसऱ्या गल्लीतून पाहुणे नेत होती आणि त्यांनी चौकशीही केली नाही. त्यांनी वेगळंच काढलं. सप्पोरोच्या चुलतभावाला गाठून तात्सुरोचा नंबर आणि पत्ता मिळवला. जिवंत मुलाला आपण तोंडानं मारलं, दोनदा मारलं, याची त्यांना धास्ती बसली होती. काही बरंवाईट तर झालं नसेल ना, एवढं तरी विचारलं पाहिजे, असं ते मला म्हणाले. ते लिहिलेला कागद त्यांनी दिनदर्शिकेशेजारी चिकटवला. आणि फोन केला नाही. आज करतो, उद्या करतो. सोमवारी त्याला काम असेल, रविवारी झोपला असेल. असे दोन महिने.

दरम्यान त्या नातीनं तिचं चित्रण लोकांसमोर टाकलं. वाईट हेतूनं नाही. मुलगे गमावलेले दोन म्हातारे, असं काहीसं तिनं वर लिहिलं होतं, खाली शब्द दिले होते, दोन भाषांत. नोव्हेंबरात सॅमनवाल्यांच्या सुनेनं मला ते दाखवलं. आठ लाख लोकांनी बघितलं होतं. इसोबेसानचा चेहरा जवळून दिसत होता, आणि "अकरा वर्षं" अगदी स्पष्ट ऐकू येत होतं. मी तिला म्हटलं, त्यांना दाखवू नकोस. फोन लवकर करा, एवढं तरी मी त्यांना सांगायला हवं होतं. मी दुसऱ्यांदा गप्प बसले.

डिसेंबरात, नव्या वर्षाच्या खरेदीची गर्दी सुरू व्हायच्या आदल्या दिवशी, दुकान बंद करून ते दुपारी माझ्याकडे आले. तुमचा नंबर उचलेल, म्हणाले. इथला आहे हे कळेल, पण माझा आहे हे कळणार नाही. त्यांना कमी ऐकू येतं म्हणून मी फोनचा आवाज मोठा केला आणि मागे जाऊन उभी राहिले. जायला मागे जागाच तेवढी होती.

तात्सुरोनं उचलला. आवाज जाड झाला होता.

"मी बोलतोय. इसोबे."

"कुठले इसोबे? माझ्या बापानं तर मला अकरा वर्षांपूर्वीच बुडवलंय."

"ते मी नाही केलं. ती मुरोईची मुलगी पाहुण्यांना काहीतरी सांगत होती. मला भाषा येत नाही. मला माहीतच नव्हतं."

"ती आजी जपानीत बोलत होती."

"हो, पण तिचा खरंच मुलगा..."

"तुमच्या तोंडून ऐकलंय मी. चार वेळा लावून बघितलं. नाही मिळाला म्हणालात. मान हलवत होतात." त्याचा आवाज चढलेला नव्हता. माल पोचला की नाही हे सांगावं तसा बोलत होता. "आणि माकूळ काडीला लावून भाजताय. तेही दिसलं."

इसोबेसाननी फोनवर तळहात ठेवला, मग काढला. "तुझं बरं चाललंय का?"

"माझी मुलगी सात वर्षांची आहे. वर्गातल्या एकीच्या आईनं ते बघितलं, आडनाव आणि गाव ओळखलं. त्या पोरीनं माझ्या मुलीला विचारलं, तुझे बाबा भूत आहेत का? ती घरी येऊन माझ्या हाताला हात लावून बघत होती." तो थांबला. "तेव्हा बादली मारलीत, ते मी विसरलो होतो. खरंच विसरलो होतो. या नव्या वर्षाला तिला घेऊन यावं असं बायकोचं चाललं होतं. आता राहू द्या."

फोन बंद झाला. इसोबेसाननी तो गल्ल्यावर नीट ठेवला. तात्सुरोला मुलगी आहे हेच त्यांना माहीत नव्हतं. "सात," एवढंच म्हणाले. मग माझे आभार मानून निघून गेले.

मी सावाकोला सगळं सांगितलं. ती दुसऱ्या दिवशी सकाळी आली, निशाण नाही, पाहुणे नाहीत. भर गर्दीत इसोबेंच्या दुकानासमोर गुडघे टेकून बसली आणि कपाळ फरशीला लावलं. गिऱ्हाइकं बाजूला सरली. माशांच्या पाण्यात तिचे केस भिजले.

"ऊठ," इसोबेसान म्हणाले. "जमीन ओली आहे."

ती उठेना. तेव्हा त्यांनी तिला हाताला धरून आत नेलं आणि उलट्या खोक्यावर बसवलं. मी पंचा घेऊन गेले म्हणून पुढचं मला ऐकू आलं. ती क्षमा मागत होती आणि ते ऐकत नव्हते. मग ते म्हणाले, "गोष्टीत तो कसा बुडतो ते मला सांग. चार वर्षं सगळ्या जगानं ऐकली, मीच ऐकली नाही."

सावाकोनं माझ्याकडे बघितलं. मी तिच्या हातात पंचा दिला. तिनं सांगितली. आपल्या भाषेत सांगताना ती अडखळत होती. मुलगा पहाटे मित्राच्या होडीवर जातो, कारण त्या दिवशी बापाच्या टाकीत माकूळ नसतं आणि बापाला गिऱ्हाइकासमोर खाली बघावं लागू नये म्हणून. जाताना बाप त्याला गरम भाताचा गोळा देतो. दुपारी वारा फिरतो. बाप तीन दिवस धक्क्यावर उभा राहतो, काही खात नाही. मग परत येऊन दुकान उघडतो, कारण मुलाला दुकान बंद ठेवलेलं आवडलं नसतं.

इसोबेसान खाली बघत ऐकत होते. संपल्यावर म्हणाले, "चांगली सांगतेस." मग म्हणाले, "त्यातला बाप बरा माणूस आहे गं."

सावाको रडायला लागली. ते उठून गिऱ्हाइकांकडे गेले.

सावाकोनं करता येण्यासारखं सगळं केलं. कंपनीला खरं सांगितलं, नोकरी सोडली. तैवानच्या आजींच्या नातीला लिहून ते चित्रण काढून टाकायला लावलं. तिनं काढलंही आणि लांबलचक माफी लिहिली. तोवर ते कुठून कुठे पोचलं होतं. जानेवारीत सावाको स्वतः साकाईला गेली. तात्सुरो भेटला नाही. त्याच्या बायकोनं दारातच पत्र घेतलं, चहा विचारला नाही, पण छत्री दिली, कारण पाऊस होता. उत्तर आलं नाही. आता सावाको बंदरापलीकडच्या कारखान्यात मासे साफ करते. सहलीला सप्पोरोहून नवा मुलगा येतो. तो इसोबेंकडे थांबत नाही. त्याला माकळापेक्षा खेकड्यांबद्दल जास्त सांगता येतं.

मे महिन्यात इसोबेसान चार दिवस दुकान बंद ठेवून गेले. बत्तीस वर्षांत पहिल्यांदाच. कुठे ते सांगून गेले नाहीत, पण दिनदर्शिकेशेजारचा कागद जागेवर नव्हता. परत आल्यावर त्यांनी बोटीत मिळणारी गोड बिस्किटं मला आणून दिली आणि गल्ल्यापाशी उभ्या उभ्या सांगितलं. तात्सुरो राहतो त्या इमारतीसमोर बसथांबा आहे, तिथल्या बाकावर ते दोन दिवस बसले होते. तात्सुरो संध्याकाळी गाडी लावून आला. भुवईवर वण आहे. केस पांढरे झालेत, त्यांच्यापेक्षा जास्त. पिशवीत कांद्याची पात होती. तो समोरून गेला तेव्हा त्यांना उठायचं होतं, पण ते उठले दार बंद झाल्यावर.

"दुसऱ्या दिवशी मुलगी शाळेतून आली," ते म्हणाले. "पाठीला लाल दप्तर. एकटीच. बाकावर म्हातारा दिसला म्हणून थांबून नमस्कार केला. हल्लीची मुलं करत नाहीत. चांगलं वळण लावलंय."

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"मी पण नमस्कार केला. उन्हात टोपी घालावी, म्हटलं. हो म्हणाली आणि गेली."

मी त्यांना विचारलं की सांगितलं का नाही, निदान एवढं तरी की तुम्ही तिचे आजोबा आहात. ते म्हणाले की तिच्या घरात एकदा मेलेलं माणूस जिवंत निघालंय, आता दुसरं नको. मला हे पटलं नाही. त्यांनाही पटलं असेल असं वाटत नाही. त्यांना पांघरायला काहीतरी हवं होतं.

त्या उन्हाळ्यात माकूळ आणखी कमी झालं. त्यांनी शेगडीही विकली. आता सकाळी येतात, टाकी धुतात, असेल तेवढं विकतात, नऊ वाजता मोकळे होतात. मग माझ्याकडे बसून सुक्या बोनिटोच्या ढलप्या काढून देतात. हात अजून चांगला चालतो, ढलपी कागदासारखी पातळ येते. सावाको कारखान्यातून सुटून गल्लीतून जाते, तेव्हा वाकते, हे मान हलवतात. त्यापुढे दोघांचं बोलणं नाही.

परवा काम करता करता ते मला म्हणाले की तिचं नाव विचारायला हवं होतं. दप्तराला पट्टी होती, त्यावर लिहिलेलं असणार, पण चष्मा पिशवीत राहिला होता. मी म्हटलं, मी सावाकोकडून तुमच्या सुनेला लिहून विचारू का? त्यांनी बराच वेळ ढलप्या काढल्या. मग नको म्हणाले.